स्वर्ल वाढवला, ज्वाला स्थिर झाली. कोळशाचा कण मात्र कुठे गेला?

प्रश्न थोडक्यात असा: ‘मी मुंबईत एम.टेक. (थर्मल) करते. प्रबंधासाठी आमच्या विभागात दळलेला कोळसा जाळणारा ५० किलोवॅटचा स्वर्ल बर्नर (ज्यात हवा गोल फिरवून सोडतात) उभारायचं चाललं आहे. पीआयव्हीचा (बारीक कणांची लागोपाठ चित्रं घेऊन प्रवाहाचा वेग मोजायच्या तंत्राचा) लेसर आहे, गॅस ॲनालायझर आहे. स्वर्ल नंबर (ही फिरकी किती, त्याचं माप) ०.६च्या वर गेला की ज्वाला स्थिर होते असं वाचलं आहे. मग नेमकं काय मोजायचं? कोळसा कोणता घ्यायचा? आणि सौरऊर्जेच्या काळात या विषयावर दोन वर्षं घालवणं शहाणपणाचं आहे का?’

शेवटचा प्रश्न आधी घेतो, कारण प्रयोगाची आखणी त्याच्या उत्तरावर अवलंबून आहे.

दुपारी ग्रिडवर सौर वीज भरभरून येते तेव्हा कोळशाच्या संचांना मागे सरावं लागतं आणि संध्याकाळी पुन्हा पूर्ण ताकदीने उभं राहावं लागतं. केंद्रीय विद्युत प्राधिकरणाने २०२३मध्ये यासाठी नियमच केले: संच आधी ५५ टक्के आणि पुढे टप्प्याटप्प्याने ४० टक्के भारापर्यंत उतरवता आला पाहिजे. कागदावर आकडा साधा दिसतो, पण बॉयलर चालवणाऱ्या माणसाला विचारून बघा. भार उतरला की फर्नेस थंड पडते, बर्नरच्या तोंडाशी ज्वाला डळमळते, ज्वालेवर नजर ठेवणाऱ्या फ्लेम स्कॅनरला ती दिसेनाशी होते आणि मग महागडं तेल जाळून तिला धरून ठेवावं लागतं. आपल्या कोळशात ३५ ते ४५ टक्के राख असल्यामुळे ही वेळ लवकर येते. पूर्ण भारावर झकास जळणाऱ्या कोळशाच्या ज्वालांची मोजमापं जगात भरपूर आहेत. ज्वाला बर्नरपासून कधी सुटते आणि का सुटते, यावर तुमचा प्रयोग बेतला असेल तर दोन वर्षं वाया जाणार नाहीत.

एक खुलासा मात्र प्रबंधाच्या पहिल्याच प्रकरणात करून टाका. आपल्याकडचे बहुतेक मोठे वीज-बॉयलर कोपऱ्यांतून जाळणारे, टँजेन्शियल पद्धतीचे आहेत. त्यांत एकेका बर्नरला स्वर्ल नसतो. कोपऱ्यांतले झोत फर्नेसच्या मध्यावरच्या एका काल्पनिक वर्तुळाला चाटून जातात आणि अख्ख्या फर्नेसमध्ये एकच मोठा अग्निगोल फिरत राहतो. तुमचा बर्नर भिंतीवर बसवलेल्या स्वर्ल बर्नरच्या कुळातला आहे, आणि सिमेंटच्या फिरत्या भट्टीतल्या बर्नरच्याही, कारण तिथेही एका कड्यातून सरळ आणि दुसऱ्यातून फिरती हवा सोडतात. तोंडी परीक्षेला वीजकेंद्रातला कोणी आला तर हा मुद्दा हमखास काढेल.

आता ०.६कडे येऊ. स्वर्ल नंबर काढताना कोनीय संवेगाच्या प्रवाहाला अक्षीय संवेगाचा प्रवाह आणि बर्नरची त्रिज्या यांच्या गुणाकाराने भागतात. हा आकडा साधारण ०.६ ओलांडतो तेव्हा झोताच्या गाभ्यातला दाब इतका उतरतो की पुढचा तापलेला वायू अक्षावरून उलटा बर्नरकडे येऊ लागतो. तोच नव्याने येणाऱ्या कोळशाला पेटवतो. पण हे ०.६ म्हणजे मोकळ्या, न जळणाऱ्या झोताचा ढोबळ उंबरठा आहे. बर्नरच्या तोंडाला पसरट क्वार्ल, म्हणजे पुढे रुंदावत जाणारं विटांचं तोंड, लावला की कमी स्वर्लवरही उलटा प्रवाह तयार होतो. उलट, ज्वाला पेटली की वायू फुगतो, अक्षीय वेग वाढतो आणि प्रत्यक्षातला स्वर्ल उतरतो. शिवाय बहुतेक जण हवा फिरवणाऱ्या पात्यांच्या किंवा ब्लॉकच्या कोनावरून भूमितीने काढलेला आकडा छापतात. तोंडाशी वेग मोजून काढलेला आकडा त्याहून वेगळा येतो. तुमच्याकडे पीआयव्ही आहे, तेव्हा दोन्ही द्या आणि कोणता कशावरून काढला हे लिहा. सूत्रात दाबाचं पद धरलं की सोडलं, हेही लिहा.

पण ०.६पेक्षा महत्त्वाची गोष्ट वेगळीच आहे, आणि माझ्या मते सगळा विषय तिच्यावर उभा आहे. स्वर्ल वायूला मागे वळवतो. कोळशाचा कण मागे वळेलच असं नाही. उपणणीत वारा भूस उडवून नेतो आणि दाणा आपल्या वाटेने खाली पडतो, तसा फिरता झोत बारीक कण सोबत घेतो आणि जाड कण बाहेर फेकतो किंवा सरळ पुढे जाऊ देतो. ज्वाला पाहताना आपल्याला वायूची वाट दिसते. पेटणं, नॉक्स (नायट्रोजनची ऑक्साइडं), न जळलेला कार्बन हे सगळं मात्र कणाच्या वाटेवर ठरतं.

आकडे मांडून बघा. वीजकेंद्रात कोळसा साधारण असा दळतात की ७० टक्के भुकटी २०० मेशच्या, म्हणजे ७५ मायक्रॉनच्या, चाळणीतून जावी. कणाची घनता १३०० किलो प्रति घनमीटर धरली आणि वायूचं तापमान सुमारे ७०० अंश सेल्सिअस धरलं, तर ५० मायक्रॉनच्या कणाला वायूच्या वेगाशी जुळवून घ्यायला जवळपास ४ मिलिसेकंद लागतात. हा काळ व्यासाच्या वर्गाने वाढतो. १०० मायक्रॉनच्या कणाला १७ मिलिसेकंद, तर १० मायक्रॉनच्या कणाला ०.२ मिलिसेकंदाहूनही कमी. आता तुमच्या बर्नरचा हिशेब. ५० किलोवॅटला ४००० किलोकॅलरीचा कोळसा घेतला तर सेकंदाला ३ ग्रॅम, म्हणजे तासाला ११ किलोच्या आसपास कोळसा लागेल. दुय्यम हवा (कोळसा वाहून आणणाऱ्या प्राथमिक हवेच्या भोवतीने येणारी) ३०० अंशाला तापवून ३० मीटर प्रति सेकंदाने सोडायची म्हटलं तर बर्नरचा घसा जेमतेम ३८ मिलिमीटर व्यासाचा येतो. व्यास भागिले वेग म्हणजे १.३ मिलिसेकंद. वायू इतक्या वेळात वळतो आणि ५० मायक्रॉनच्या कणाला ४ मिलिसेकंद हवेत. तो वळणारच नाही.

तोच वेग ठेवून बर्नर ५० मेगावॅटचा करा. घसा सुमारे १.२ मीटरचा होतो आणि तोच काळ ४० मिलिसेकंदांवर जातो. आता तोच कण वायूमागे निमूट जातो. तुमच्या प्रयोगशाळेत हट्टी असलेला कण वीजकेंद्रात आज्ञाधारक असतो! लहान बर्नरवरचे निष्कर्ष मोठ्या बर्नरला लावताना लोक इथेच सर्वांत जास्त फसतात. स्वर्ल नंबर जुळवला, वेग जुळवला, हवेचं प्रमाण जुळवलं, की आपली ज्वाला मोठ्या ज्वालेची छोटी प्रतिकृती झाली असं वाटतं. कणांचा स्टोक्स नंबर, म्हणजे कणाचा जुळवून घ्यायचा काळ भागिले वायूचा वळायचा काळ, मात्र ३० पटींनी बिघडलेला असतो.

यावर पूर्ण उपाय नाही. स्टोक्स नंबर जुळवायला ९-१० मायक्रॉनची भुकटी घेतली तर ती तापते आणि जळते इतकी झटपट की रसायनाचं वेळापत्रक बिघडतं. कण वायूसोबत कसा वाहतो आणि कण कसा जळतो, या दोन्ही गोष्टी एकाच लहान बर्नरवर एकाच वेळी खऱ्या ठेवता येत नाहीत. म्हणून मी सुचवेन की एकच सरासरी भुकटी घेण्याऐवजी त्याच कोळशाच्या दोन चाळण्या वापरा: एक ३८ मायक्रॉनच्या खालची, दुसरी ७५ ते ९० मायक्रॉनची. बाकी सगळं तेच ठेवून फक्त चाळणी बदलली की फरक कशामुळे पडला यावर वाद उरत नाही. माझ्या दृष्टीने हा एक प्रयोग स्वर्लच्या दहा कोनांवर घेतलेल्या मोजमापांपेक्षा जास्त मोलाचा आहे. मात्र दोन्ही चाळण्यांची राख वेगवेगळी तपासा. दळताना खनिज आणि कोळसा सारखे फुटत नाहीत, त्यामुळे बारीक आणि जाड भागांत राखेचं प्रमाण बदलतं.

भार उतरवण्याचा प्रयोग याच मुद्द्याला जोडून घ्या. प्राथमिक हवा कोळसा वाहून नेते, आणि नळीत भुकटी बसू नये म्हणून तिचा वेग १८-२० मीटर प्रति सेकंदाच्या खाली नेता येत नाही. दुय्यम हवा मात्र भाराबरोबर कमी होते. कोळशामागे हवेचं एकूण प्रमाण तेच ठेवून ४० टक्क्यांवर आलात तर प्राथमिक हवा कमी न झाल्यामुळे सगळी कपात दुय्यम हवेवर येते: तिचा वेग ०.४ पटीच्याही खाली आणि संवेग-प्रवाह ०.१६ पटीच्याही खाली जातो. प्राथमिक झोताचा संवेग त्यामानाने फारसा उतरत नाही. ब्लॉकचा कोन हललेला नाही, म्हणजे भूमितीचा स्वर्ल नंबर जसाच्या तसा. तरीही मधला कोळशाचा झोत आता उलट्या प्रवाहाला भोसकून आरपार जातो. त्यातच तेवढ्याच प्राथमिक हवेत कोळसा निम्म्याहून कमी, म्हणजे मिश्रणही पातळ. वीजकेंद्रात यासाठी कोळसा दळणाऱ्या काही मिल बंद करून उरलेल्या मिलवर भार ठेवतात; पण मग शेजारच्या बर्नरची ऊब जाते.

नेदरलँड्समधल्या आयमाउडेनला इंटरनॅशनल फ्लेम रिसर्च फाउंडेशनने भट्ट्यांवर वर्षानुवर्षं मोजमापं करून ज्वालांचे जे प्रकार पाडले, त्यांत हा भेद आहेच: एका प्रकारात उलट्या प्रवाहाचा फुगा बंद असतो आणि कोळसा त्याच्या अंगावर येतो, दुसऱ्यात प्राथमिक झोत तो फुगा फाडून जातो. एका प्रकारातून दुसऱ्यात उडी कोणत्या संवेग-गुणोत्तराला पडते आणि भार परत वाढवताना ती त्याच जागी उलटते का, हे दोन्ही चाळण्यांवर मोजलंत तर प्रबंधाचा गाभा तयार आहे. उतरताना एका जागी आणि चढताना दुसऱ्या जागी असं बऱ्याचदा होतं. क्वार्लची विटांची भिंत तापलेली असते, म्हणून उतरणारी ज्वाला जास्त वेळ चिकटून राहते. त्यामुळे भार बदलल्यावर भिंतीचं तापमान स्थिर झालं की नाही हे आधी बघा. रिफ्रॅक्टरीला, म्हणजे भट्टीच्या उष्णतारोधक विटांना, काही तास लागतात.

आता मोजमापं. लेसरचा मोह आवरा आणि आधी फीडर घ्या. लहान बर्नरवर सर्वांत अवघड उपकरण तोच आहे. सेकंदाला ३ ग्रॅम भुकटी सलग, न थबकता सोडणं हे ऐकायला जितकं सोपं वाटतं तितकं ते नाही. भुकटीचा हॉपर लोड सेलवर (वजन मोजणाऱ्या सेन्सरवर) ठेवला की मिनिटाची सरासरी सुरेख येते आणि आपण निश्चिंत होतो. ज्वालेला मिनिटाची सरासरी कळत नाही. एकेरी स्क्रू फीडर दर फेऱ्याला एक गोळा टाकतो. स्क्रू मिनिटाला ३० फेरे घेत असेल तर सेकंदाला अर्धा गोळा. बर्नरच्या तोंडाकडे एक साधा फोटोडायोड रोखून त्याच्या नोंदीचा फोरिये (कोणत्या वारंवारितेची कंपनं किती, याची फोड) काढा. ०.५ हर्ट्झला टोक दिसलं तर ते स्क्रूचं आहे. स्वर्लचा गाभा स्वतःभोवती डोलतो, त्याची कंपनं या आकाराच्या बर्नरला शेकडो हर्ट्झमध्ये येतात. दोन्हींची गल्लत करून ‘ज्वालेची अस्थिरता’ म्हणून छापलेलं मी पाहिलं आहे. दुहेरी स्क्रू, त्याखाली कंप पावणारी पन्हळ आणि मग हवेच्या झोताने भुकटी ओढून घेणारा इजेक्टर, अशी साखळी बरी चालते. ॲनालायझरवर कार्बन मोनॉक्साइडच्या उसळ्या येत असतील तर पहिला संशय फीडरवर घ्या.

मुंबईत यात पावसाळ्याची भर. जून ते सप्टेंबर भुकटी हवेतला ओलावा धरते, हॉपरमध्ये कमान बांधते आणि मग अचानक कोसळते. हॉपरवर कोरड्या नायट्रोजनचं आच्छादन ठेवा. ते आग टाळायलाही हवंच. ज्वलनाच्या हवेतली बाष्पंही नोंदवा. ३० अंशाला ८५ टक्के आर्द्रता म्हणजे किलोभर कोरड्या हवेत सुमारे २३ ग्रॅम पाणी. जानेवारीतल्या कोरड्या सकाळी, समजा २० अंश आणि ५० टक्के आर्द्रतेला, ते ७ ग्रॅमवर येतं. जुलैतला आणि जानेवारीतला नॉक्स न सुधारता एकाच आलेखावर टाकलात तर बिंदू विखुरतील आणि कारण सापडणार नाही.

लेसरकडे येऊ. पीआयव्हीत वायूचा वेग हवा असेल तर एक-दोन मायक्रॉनची ॲल्युमिना किंवा टायटॅनियम डायऑक्साइडची भुकटी बीज म्हणून सोडावी लागेल, कारण कोळशाचे कण वायूचा वेग दाखवत नाहीत हे वर आलंच. मग प्रत्येक चित्रात मोठे, चकाकणारे ठिपके कोळशाचे आणि बारीक ठिपके बीजाचे. ते आकाराने आणि तेजाने वेगळे काढून दोन वेगक्षेत्रं मांडा. दोन्हींतला फरक, म्हणजे कण वायूच्या किती मागे-पुढे आहे, हाच तुमचा खरा निकाल. एक व्यावहारिक अडचण आधीच सांगतो: दुहेरी फ्रेमच्या पीआयव्ही कॅमेऱ्यात दुसऱ्या फ्रेमचं एक्स्पोजर पहिल्यापेक्षा कितीतरी लांब असतं. कोळशाची ज्वाला काजळीमुळे झगझगीत, त्यामुळे दुसरी फ्रेम पांढरी फटक येते. लेसरच्या तरंगलांबीचा अरुंद फिल्टर लागेलच, पण तेवढ्याने भागेलच असं नाही. कॅमेऱ्यासमोर वेगवान शटरचीही तरतूद करा.

झोत किती दाट आहे याचाही अंदाज घ्या. सगळे कण ५० मायक्रॉनचे धरले तरी प्राथमिक नळीच्या तोंडाशी घन सेंटिमीटरला ९ हजारांवर कण येतात, दोन कणांत सरासरी अर्धा मिलिमीटर अंतर. लेसरची पट्टी अशा झोतात दोनेक सेंटिमीटरमध्ये निम्मी होते, खरी भुकटी बारीक असल्याने त्याहून लवकर. तुमची प्राथमिक नळी दीड सेंटिमीटरचीच आहे म्हणून निभावेल. ओएच रॅडिकलचं लेसर-प्रदीपन (ज्वालेत तयार होणारे ओएच कण लेसरने चमकवून ज्वाला कुठे आहे ते पाहणं) हवंहवंसं वाटतं, पण कोळशाच्या व्होलाटाइल्समधले (तापल्यावर कोळशातून निघणाऱ्या वायूंमधले) टारसदृश रेणूही चमकतात आणि कणांवरून प्रकाश विखुरतो. पहिल्या वर्षी त्यात पडू नका. जर्मनीत आखेन, बोखुम आणि डार्मश्टाट इथल्या विद्यापीठांनी मिळून कोळशाच्या ऑक्सिफ्युएल (हवेऐवजी ऑक्सिजन आणि कार्बन डायऑक्साइडच्या मिश्रणात जळणाऱ्या) ज्वालांवर अनेक वर्षं काम केलं. डार्मश्टाटला तर ज्वाला काचेतून बघता यावी म्हणून कोळशाला मिथेनची साथ देऊन ती स्थिर ठेवली होती. कोळशाच्या ज्वालेत लेसर चालवायची ही किंमत असते. तुमच्या प्रश्नाला ती किंमत परवडणार नाही, कारण तुम्हाला ज्वाला सुटतानाच बघायची आहे आणि मिथेन तिला सुटू देणार नाही.

काचेचंही तेच. ४० टक्के राखेचा कोळसा तासाला ११ किलो जाळलात की तासाला ४ किलोहून जास्त राख. क्वार्ट्झची खिडकी काही मिनिटांत धुरकट होते. खिडकीच्या आतून हवेचा पडदा सोडावा लागतो, पण तो पडदा म्हणजे न मोजलेली हवा. ती जास्त झाली तर तुम्ही वेगळाच बर्नर तपासत आहात. एकूण हवेच्या दोन-तीन टक्क्यांच्या आत ठेवा आणि हिशेबात धरा.

तापमानासाठी उघडी थर्मोकपल वापरून आकडे छापू नका. १४०० अंशांच्या वायूत बसलेला तारेचा मणी थंड भिंतींकडे उष्णता फेकत राहतो आणि शंभर-दोनशे अंश कमी दाखवतो. सक्शन पायरोमीटर घ्या, ज्यात वायू सिरॅमिकच्या ढालीआडून जोराने ओढला जातो. राखेने तो तुंबतो, म्हणून प्रत्येक वाचनानंतर उलटी हवा मारायची सोय हवी. कणांचं तापमान वेगळं असतं, ते द्विवर्णी पायरोमेट्रीने (दोन रंगांतल्या तेजाच्या गुणोत्तरावरून) मिळतं. वायूचे नमुने पाण्याने थंड केलेल्या प्रोबमधून आणि घन नमुने प्रोबच्या टोकाशीच नायट्रोजनने विझवून घ्या, नाहीतर नळीतच जळत राहतात. घन नमुना समवेगी, म्हणजे प्रवाहाच्याच वेगाने, ओढला पाहिजे. फिरत्या प्रवाहात प्रोबचं तोंड प्रवाहाच्या खऱ्या दिशेला असावं लागतं आणि ती दिशा अक्षाला समांतर नसते. आधी पाच छिद्रांच्या प्रोबने किंवा पीआयव्हीने ती काढून घ्या.

कोळसा किती जळाला हे काढायला सगळे राखेला साक्षीदार धरतात: राख जळत नाही, म्हणून नमुन्यात तिचं प्रमाण वाढलं त्यावरून बाकी किती गेलं ते कळतं. आपल्या कोळशाला ही रीत जपून लावा. १० टक्के राखेचा कोळसा ९९ टक्के जळाला तर उरलेल्या घनात ८.३ टक्के जळाऊ भाग असतो. ४० टक्के राखेच्या कोळशात तो फक्त १.५ टक्के. राखेच्या मोजमापात एका टक्क्याची चूक झाली, तर पहिल्या कोळशाच्या ज्वलनाच्या आकड्यात ०.१३ टक्के फरक पडतो, दुसऱ्याच्या आकड्यात जवळपास ०.७ टक्के. म्हणजे ‘९९.२ विरुद्ध ९८.८’ असा फरक दाखवून त्यावर परिच्छेद लिहायला आपल्या कोळशाने वावच ठेवलेला नाही. बर्नरजवळच्या अर्धवट जळलेल्या नमुन्यांना गणित उलटं होतं; तिथे जास्त राखेचा कोळसा कमी राखेच्या कोळशापेक्षा बरा ठरतो, मात्र मूळ कोळशाची राख नीट माहीत हवी. तिच्यातली एका टक्क्याची चूक पन्नास टक्के ज्वलनाच्या नमुन्यात दोन टक्क्यांची होते. म्हणून प्रत्येक प्रयोगाच्या दिवशी फीडरमधूनच भुकटीचा नमुना काढा. पोत्यावरच्या चिठ्ठीवर विसंबू नका. भट्टीच्या शेवटी न जळलेला कार्बन थेट मोजून द्या, ते जास्त प्रामाणिक.

व्होलाटाइल्सबद्दलही असाच सावधपणा. प्रॉक्सिमेट (ओलावा, राख, व्होलाटाइल्स यांच्या नेहमीच्या) विश्लेषणातला आकडा झाकलेल्या मुशीत सात मिनिटं भाजून काढलेला असतो. ज्वालेत कण सेकंदाला दहा हजार ते लाखभर अंशांच्या वेगाने तापतो आणि त्यातून व्होलाटाइल्स कितीतरी जास्त, कधी दीडपटीपर्यंत, बाहेर पडतात. सिम्युलेशन करणाऱ्या मित्राला मुशीतला आकडा देऊन ‘जुळत नाही’ म्हणू नका.

नॉक्सचा उल्लेख तुम्ही केला नाहीत, पण ॲनालायझर तो दाखवणारच. २०१५च्या अधिसूचनेने जुन्या संचांना ६०० मिलिग्रॅम आणि २०१७पासूनच्या संचांना १०० मिलिग्रॅम प्रति घनमीटर अशी मर्यादा घातल्यापासून आपल्याकडेही त्याला महत्त्व आलं. कोळशाच्या ज्वालेतला बहुतांश नॉक्स हवेतल्या नायट्रोजनचा नसून कोळशातल्या नायट्रोजनचा असतो. त्यामुळे स्वर्ल वाढवला की नॉक्स वाढतो की घटतो याला एक उत्तर नाही. कण उलट्या प्रवाहात शिरून तिथल्या ऑक्सिजन-टंचाईत व्होलाटाइल्स सोडत असेल तर नॉक्स उतरतो. तोच कण बाहेर फेकला जाऊन दुय्यम हवेत व्होलाटाइल्स सोडत असेल तर चढतो. तुमच्या दोन चाळण्यांचा नॉक्स एकाच स्वर्लवर विरुद्ध दिशांना गेला तर यंत्र बिघडलं असं समजू नका.

कोळसा कोणता? दोन घ्या. ट्रॉम्बेला टाटा पॉवरचे ५०० आणि २५० मेगावॅटचे संच आयात कोळशावर चालतात. इंडोनेशियाचा तसा कोळसा कमी राखेचा, जास्त ओलाव्याचा आणि भरपूर व्होलाटाइल्सचा, चटकन पेटतो. दुसरा चंद्रपूरकडचा, वेस्टर्न कोलफील्ड्सचा. महाराष्ट्रातली बहुतेक कोळशाची वीज त्याच जातीच्या कोळशावर आहे, आणि भार उतरवताना खरी परीक्षा त्याचीच. आयात कोळशाची भुकटी आठवडेच्या आठवडे साठवू नका. ती आपोआप तापते. लागेल तशी दळून घ्या.

सुरक्षेचं एवढंच, पण सक्त. कोळशाच्या धुळीचं मिश्रण घनमीटरला सुमारे ६० ग्रॅमपासून स्फोटक होऊ शकतं. तुमच्या प्राथमिक नळीत ते ८०० ग्रॅमच्या आसपास असेल, म्हणजे स्फोटक टप्प्याच्या आतच. ते पेटत नाही, कारण वेग आहे आणि हवा ७०-८० अंशांच्या वर नेलेली नाही. ज्वाला विझली की फीडर त्याच क्षणी बंद व्हायला हवा. हे काम माणसाच्या हातावर न ठेवता स्कॅनरला जोडा. पुन्हा पेटवण्याआधी भट्टीच्या आकारमानाच्या किमान पाचपट हवा आरपार जाऊ द्या. ज्वाला सुटण्याचाच अभ्यास करणाऱ्याला हे दिवसातून अनेकदा करावं लागेल, तेव्हा वेळापत्रकात ते धरा. खोलीत कार्बन मोनॉक्साइडचा गजर लावा.

क्रम मी असा ठेवेन: आधी थंड हवा, नुसता पीआयव्ही. मग त्याच थंड हवेत काचेचे मणी, जळण्याची भानगड न ठेवता कण कुठे जातात ते पाहायला. काच कोळशाच्या जवळपास दुप्पट जड असते, म्हणून व्यास हिशेबाने लहान घ्या. मग गॅसची ज्वाला, भिंती तापवायला आणि ॲनालायझर तपासायला. त्यानंतर कोळसा. पहिला कोळसा पडेपर्यंत वर्षाचा बराच भाग गेलेला असेल, आणि तुमचे मार्गदर्शक अस्वस्थ होतील. त्यांना थंड प्रवाहातले मण्यांचे निकाल दाखवा. तेवढ्यावर एक परिषदेचा निबंध होतो. बर्नरच्या तोंडाशी, घशाच्या पाव व्यासाइतक्या अंतरावर, तिन्ही दिशांचे सरासरी वेग, त्यांची चढउतार आणि कणांच्या आकारांची विभागणी एवढं तक्त्यात छापलंत, तर लार्ज एडी सिम्युलेशन (प्रवाहातले मोठे भोवरे संगणकावर सोडवणारी पद्धत) करणारे लोक तुमचा निबंध शोधत येतील. ज्वालेची सुंदर चित्रं आणि तोंडाशी ‘अंदाजे एकसमान वेग’, अशा निबंधांचा त्यांना उपयोग होत नाही.

हे शिकून पुढे कोळसाच करावा लागेल असंही नाही. वीजकेंद्रांवर २०२४-२५पासून कोळशात काही प्रमाणात बायोमास पेलेट (शेतकचरा दाबून केलेल्या कांड्या) मिसळण्याचं बंधन आहे. पेलेट मिलमध्ये फुटल्यावर त्याचे तंतू लांबट, कोळशाच्या कणापेक्षा बरेच मोठे राहतात, आणि असा लांबट कण फिरत्या प्रवाहात कुठे जातो हे गोल कणाच्या सूत्राने सांगता येत नाही. नेदरलँड्समध्ये आइंडहोवेनच्या मंडळींनी २०२०मध्ये एका बिअरच्या कारखान्यात लोखंडाची भुकटी जाळून वाफ केली. तिथे कण कोळशाच्या पाच-सहा पट जड, आणि जळल्यावर तो ऑक्साइड होऊन घनरूपातच उरतो व परत गोळा करावा लागतो. दोन्ही ठिकाणी फीडर, दोन चाळण्या आणि बर्नरच्या तोंडाशी मोजलेले वेग हेच लागतं. तुमच्या रिगची (प्रयोगाच्या मांडणीची) नळी आणि क्वार्ल बदलता येतील असे, वेल्ड न करता फ्लँजने जोडलेले करून घ्या.